ओरेगनच्या जुन्या दफनभूमींत चार दिवस

गेल्या ऑक्टोबरमध्ये मी अमेरिकेतल्या ओरेगन राज्यात गेलो, ते पर्यटनासाठी नव्हते. माझे मामा बीव्हर्टनला मुलीकडे राहत असताना उन्हाळ्यात वारले. दहनही तिथेच झाले. मात्र अस्थी नाशिकला रामकुंडातच जायला हव्यात, असा मामींचा आग्रह होता, आणि त्या आणण्याचे काम भाचा म्हणून माझ्याकडे आले. मृत्यूचा दाखला आणि दहनाचा दाखला घरात होता. भारतीय वकिलातीचे ना-हरकत पत्र तेवढे यायचे होते. ते येईपर्यंतचे चार दिवस माझ्या हाती रिकामे राहिले. सगळी नोकरी भूमी अभिलेख खात्यात गेल्यामुळे कुठल्याही गावात गेलो की तिथली जुनी जमीन पहिल्यांदा कोणाच्या नावावर लागली, हे विचारण्याची मला खोड आहे. मामेबहिणीला ती माहीत असल्याने तिने सुचवले, "दादा, तुला तेच पाहायचे असेल तर इथल्या पायोनियर, म्हणजे पहिल्या वसाहतकारांच्या, दफनभूमी पाहा. इथले पहिले सातबारे दगडावर लिहिलेले आहेत."

पहिला दिवस : लोन फर, पोर्टलंड

पोर्टलंड शहर विलामेट नदीने दोन भागांत विभागलेले आहे. पूर्वेकडच्या भागात घरे, दुकाने आणि कॉफीची ठिकाणे यांच्या दाटीत सुमारे ३० एकर जागा उंच झाडांखाली मोकळी राहिली आहे. तिचे नाव लोन फर, म्हणजे एकुलते एक फरचे झाड. सकाळी पाऊस नुकताच थांबला होता, मेपलची पिवळी पाने ओल्या दगडांना चिकटून बसली होती, आणि कुत्री फिरवणारी माणसे थडग्यांमधल्या वाटांवरून अगदी सहज चालत होती. या जागेत २५,००० हून अधिक माणसे पुरलेली आहेत आणि त्यांतल्या सुमारे १०,००० थडग्यांत कोण आहे याची नोंद हरवलेली आहे. कागदपत्रांवर आयुष्य काढलेल्या माणसाला हा दुसरा आकडा पहिल्यापेक्षा मोठा वाटतो.

१८४६ मध्ये इथे मोकळे रान आणि शेत होते. त्या वर्षी एमर स्टीफन्स हा वृद्ध गृहस्थ वारला आणि त्याला शेतातच पुरण्यात आले, कारण स्वतंत्र स्मशान लागावे एवढी वस्तीच तेव्हा नव्हती. पोर्टलंड हे नावसुद्धा आदल्याच वर्षी ठरलेले होते, आणि तेही नाणे उडवून. आसा लव्हजॉय याला गावाचे नाव बॉस्टन ठेवायचे होते, फ्रान्सिस पेटिग्रोव्ह याला पोर्टलंड. पेटिग्रोव्ह जिंकला. हरलेला लव्हजॉय याच दफनभूमीत चिरनिद्रा घेत आहे, आणि ज्या नावाला त्याचा विरोध होता त्याच नावाच्या शहराने त्याला आज चारी बाजूंनी वेढलेले आहे.

एमरचा मुलगा जेम्स स्टीफन्स हा धंद्याने पिंपे बनवणारा होता. त्याने १८५४ मध्ये ही जमीन कोलबर्न बॅरेल याला विकली, तेव्हा व्यवहारात एक अट घातली, ती अशी की वडिलांचे थडगे नव्या मालकाने सांभाळावे. आपल्याकडच्या सातबाराच्या 'इतर हक्क' या रकान्यात मी विहिरीच्या पाण्याचे हिस्से, वहिवाटीच्या वाटा, कुळांची नावे आणि सोसायट्यांचे बोजे वर्षानुवर्षे वाचत आलो. परंतु एका थडग्याचा बोजा जमिनीवर बसला आणि त्या बोजातून पुढे आख्खी दफनभूमी उगवली, असे उदाहरण माझ्या पाहण्यात नव्हते.

ती उगवली एका अपघातामुळे. बॅरेल हा 'गझेल' नावाच्या आगबोटीत भागीदार होता. ८ एप्रिल १८५४ रोजी ओरेगन सिटीजवळच्या कनीमा धक्क्यावर या नव्याकोऱ्या बोटीचे बॉयलर फुटले आणि वीसहून अधिक माणसे दगावली. त्यांत बॅरेलचा भागीदार क्रॉफर्ड डॉबिन्स होता. सांभाळायची म्हणून एक कबर शेतात होतीच. तिच्याशेजारी बॅरेलने आपल्या भागीदाराला आणि आणखी एका मृत प्रवाशाला पुरले, भोवतालची दहा एकर जागा स्मशानासाठी काढून ठेवली आणि तिला भागीदाराच्या नावावरून माउंट क्रॉफर्ड असे नाव दिले. १८६६ मध्ये त्याने ही वाढवलेली जागा ४,००० डॉलरला शहराला देऊ केली. शहराने नकार दिला, कारण ती फार लांब, नदीपलीकडे पडत होती. मग काही नागरिकांनी मिळून ती घेतली, आणि बॅरेलच्या पत्नीच्या सूचनेवरून रानात उभ्या असलेल्या एकमेव झाडाचे नाव तिला मिळाले. ते फरचे झाड अजून उभे आहे. आज भोवती इतर शेकडो झाडे असल्यामुळे ते शोधावे लागते, एवढाच फरक पडला आहे.

जेम्स स्टीफन्स आणि त्याची पत्नी एलिझाबेथ यांचे थडगे मात्र शोधावे लागत नाही. संगमरवरावर दोघांच्या आकृती कोरलेल्या आहेत आणि दगडाच्या मागच्या बाजूला मजकूर आहे: सत्तावन्न वर्षे, दोन महिने आणि दोन दिवस सहवास करून आम्ही इथे आपल्या संमतीने पडलो आहोत, आणि निसर्गनियमाने आम्ही ज्या मूलतत्त्वांचे बनलो त्यांत परत जाण्याची वाट पाहत आहोत, असा त्याचा आशय. ख्रिस्ती दफनभूमीत स्वर्गाचा उल्लेख टाळून पंचमहाभूतांच्या जवळ जाणारा हा मजकूर वाचून मी बराच वेळ तिथे रेंगाळलो. दिवसांचाही हिशेब ठेवणारे हे जोडपे मला मनापासून आवडले.

याच्या नेमके उलटे चित्र दफनभूमीच्या नैर्ऋत्य कोपऱ्यात आहे. ब्लॉक १४ असे त्या तुकड्याचे नाव असून मी गेलो तेव्हा तिथे गवताखेरीज पाहण्यासारखे फारसे काही नव्हते. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात रेल्वेचे रूळ टाकण्यासाठी, मासे डबाबंद करण्याच्या कारखान्यांत आणि घरकामासाठी आलेले चिनी मजूर या तुकड्यात पुरले गेले. त्यांची संख्या हजाराच्या वर जाते. डॉ. जेम्स हॉथॉर्न यांच्या मनोरुग्णालयातले शंभरहून अधिक रुग्णही लोन फरमध्येच निनावी पुरलेले आहेत. स्वतः डॉक्टरांना याच दफनभूमीत नावासह जागा आहे, शिवाय शहरात त्यांच्या नावाचा मोठा रस्ताही आहे.

चिनी मजुरांच्या दृष्टीने ही जागा कायमची नव्हतीच. काही वर्षांनी थडगे उकरायचे, हाडे स्वच्छ करून पेटीत भरायची आणि ती जहाजाने हाँगकाँगमार्गे मूळ गावी पाठवायची, अशी त्यांची रीत होती, आणि त्यासाठी त्यांच्या संघटना वर्गणी गोळा करीत असत. हाँगकाँगच्या तुंग वा रुग्णालयाने अशा परदेशांतून आलेल्या पेट्या ठेवण्यासाठी स्वतंत्र वास्तूच उभारली होती. १९४८ मध्ये इथल्या काउंटी प्रशासनाने उरलेले अवशेष काढून घेण्याची व्यवस्था केली, आणि जागा मोकळी झाली असे मानून तिच्यावर कार्यालयाची इमारत बांधली. जागा मोकळी झालेली नव्हती. एकविसाव्या शतकाच्या आरंभी जमीन विकण्याचा विचार निघाला तेव्हा चिनी समाजातील लोकांनी आक्षेप घेतला, तपासणीत मानवी अवशेष आढळले, इमारत पाडण्यात आली आणि तो तुकडा पुन्हा दफनभूमीला जोडला गेला. २०१९ मध्ये मतदारांनी मंजूर केलेल्या रोख्यांतून तिथे स्मारकासाठी निधी ठेवण्यात आला.

घरी आल्यावर मामींनी, अस्थी गावी पाठवणाऱ्या त्या लोकांना खर्च कोण द्यायचे, असे विचारले. वर्गणीतून होत असे, हे सांगितल्यावर त्या एवढेच म्हणाल्या, "आपल्या भिशीसारखे."

दुसरा दिवस : ओरेगन सिटी

मिसुरीतून निघणारी सुमारे ३,२०० किलोमीटरची ओरेगन ट्रेल ही बैलगाड्यांची वाट जिथे संपत असे, ते हे गाव. १८४३ मध्ये हजारभर माणसांचा पहिला मोठा तांडा या वाटेने आला आणि मग दरवर्षी तांडे येतच राहिले. लोक का आले याचे उत्तर माझ्या खात्याच्या भाषेत देता येते. १८५० च्या कायद्याने इथे स्थायिक होऊन जमीन कसणाऱ्या अविवाहित पुरुषाला ३२० एकर आणि विवाहित जोडप्याला ६४० एकर जमीन फुकट मिळत असे, आणि जोडप्याच्या जमिनीतला निम्मा हिस्सा पत्नीच्या स्वतःच्या नावावर लागत असे. त्या काळाच्या मानाने ही तरतूद पुढारलेली होती. मात्र काळ्या माणसांना तिचा लाभ नव्हता, आणि ज्या कलापुया, क्लॅकमस व इतर जमातींची ही जमीन होती त्यांच्याशी करार होण्याच्या आधीच ती वाटली जात होती. मोजणीआधीच वाटप, असा हा उफराटा कारभार.

जॉन मॅक्लॉक्लिन यांचे घर आम्ही पाहिले. केसाळ कातड्यांचा व्यापार करणाऱ्या हडसन्स बे या ब्रिटिश कंपनीचे हे उंचेपुरे, पांढऱ्या केसांचे अधिकारी फोर्ट व्हँकुव्हर इथून सारा प्रदेश चालवीत. कंपनीच्या धोरणाकडे डोळेझाक करून त्यांनी उपाशी आलेल्या अमेरिकन वसाहतकारांना धान्य, बियाणे आणि होड्या उधारीवर दिल्या. पुढे त्याच १८५० च्या कायद्यात एक कलम घालून ओरेगन सिटीतला त्यांचा जमिनीचा हक्क काढून घेण्यात आला. ते १८५७ मध्ये वारले. १९०९ मध्ये त्यांचे घर नदीकाठच्या सखल भागातून उचलून, घोड्याच्या साहाय्याने ओढत, उभ्या चढणीच्या रस्त्याने कड्यावर आणले गेले, आणि नंतर त्यांची व पत्नी मार्गरेट यांची थडगीही दोनदा हलवून अखेर या घराच्या कुशीत आणली गेली. मार्गरेट यांच्या आईचे कूळ मूळ रहिवाशांचे होते. जिवंतपणी जमीन काढून घेतलेल्या माणसाला १९५७ मध्ये विधिमंडळाने 'ओरेगनचे जनक' ही पदवी दिली. शंभर वर्षांचा विलंब हा कोणत्याही महसूल खात्याला शोभणारा आहे.

माउंटन व्ह्यू दफनभूमीत पीटर स्किन ऑग्डेन या केसाळ कातड्यांच्या व्यापाऱ्याचे थडगे आहे. १८५४ मध्ये वारलेल्या या माणसाच्या थडग्यावर १९२३ पर्यंत दगड नव्हता. १८४७ च्या अखेरीस वालावाला खोऱ्यात मिशनरी डॉ. मार्कस व्हिटमन, त्यांची पत्नी नार्सिसा आणि इतरांची केयूस जमातीच्या काही माणसांनी हत्या केली, तेव्हा ओलीस राहिलेल्यांना खंडणी देऊन सोडवून आणणारा तो हाच. त्या हत्येमागे गोवराची साथ होती. गोऱ्यांच्या मुलांना डॉक्टर बरे करतात आणि आमची मुले मरतात, असे केयूस लोकांना दिसत होते. व्हिटमन आणि इतरांचे अवशेष १८९७ मध्ये एकत्र करून त्यांवर संगमरवरी शिळा बसवण्यात आली. उलट, या प्रकरणी ज्या पाच केयूस पुरुषांवर खटला चालला आणि ज्यांना ३ जून १८५० रोजी याच ओरेगन सिटीत फाशी देण्यात आले, त्यांना गावाच्या कडेला कुठेतरी पुरले गेले. कुठे, हे आजवर सापडलेले नाही. अस्थी आपल्या भूमीत परत न्याव्यात म्हणून त्यांचे वंशज अजून ती जागा शोधत आहेत.

मी धबधब्याच्या बाजूच्या कठड्याशी उभा राहून खालचे गाव पाहिले. कागदाच्या कारखान्याच्या जुन्या इमारती, पूल, मोटारींच्या रांगा. यांपैकी कोणत्याही वाहनतळाखाली ते पाच जण असू शकतात.

तिसरा दिवस : सेलम आणि ऑरोरा

सेलम ही राज्याची राजधानी पोर्टलंडच्या दक्षिणेस तासाभराच्या अंतरावर आहे. ली मिशन दफनभूमीतला सर्वांत जुना मजकूर अ‍ॅना मारिया पिटमन ली यांच्या शिळेवर आहे. त्या जुलै १८३६ मध्ये जहाजाने निघाल्या, पुढच्या वर्षी ओरेगनला पोहोचल्या, मिशनरी जेसन ली यांच्याशी विवाहबद्ध झाल्या आणि २६ जून १८३८ रोजी बाळंतपणानंतर वारल्या; बाळही गेले. शिळेवर हा सारा प्रवास महिन्यांसह कोरलेला असून, गोऱ्या आईसाठी आणि बाळासाठी ओरेगनमध्ये उकरलेली ही पहिली माती, असेही नमूद केले आहे. त्यांना मुळात जुन्या मिशनच्या जागी पुरले होते. तिथून नंतर इथे आणले. जेसन ली त्या वेळी निधी गोळा करण्यासाठी पूर्वेकडे निघालेले होते आणि त्यांना ही बातमी वाटेत कळली. ते स्वतः १८४५ मध्ये कॅनडातल्या आपल्या जन्मगावी वारले, आणि १९०६ मध्ये, एकसष्ट वर्षांनी, त्यांचे अवशेष खंड ओलांडून पत्नीजवळ आणण्यात आले. याच मिशनच्या शाळेत घातलेल्या मूळ रहिवाशांच्या मुलांपैकी कितीतरी आजारांनी मेली, त्यांच्यासाठी असे कोणी कोरून ठेवले नाही.

सेलम पायोनियर दफनभूमी १८५४ मध्ये ऑड फेलोज या बंधुसंघटनेच्या स्थानिक शाखेने सुरू केली. तिथल्या उतारावर आमदार, न्यायाधीश, गिरणीमालक अशी माणसे ओळीने आहेत. मला त्यांच्यापेक्षा अलीकडे बसवलेली एक शिळा महत्त्वाची वाटली. इथे पुरल्या गेलेल्या, पण दगड न लाभलेल्या काळ्या वसाहतकारांची नावे तिच्यावर आहेत. ज्या प्रदेशाने १८४४ पासून काळ्या माणसांना राहण्यास बंदी करणारे कायदे केले आणि १८५७ च्या संविधानातही ती बंदी घातली, तिथे ही माणसे राहिली, कामे केली आणि मेली. संविधानातले ते कलम १९२६ मध्ये रद्द झाले.

तिसरी जागा कार्यक्रमात नव्हती. हॉथॉर्न यांचे खासगी रुग्णालय बंद झाल्यावर १८८३ मध्ये सेलमला सरकारी मनोरुग्णालय सुरू झाले. त्याची स्वतःची दफनभूमी होती. ती जागा हवी म्हणून १९१३–१४ च्या सुमारास शवे उकरून त्यांचे दहन करण्यात आले, आणि पुढे १९७० च्या दशकापर्यंत ज्या मृतांना कोणी न्यायला आले नाही त्यांचीही रक्षा तांब्याच्या डब्यांत भरून ठेवण्यात आली. असे सुमारे ३,५०० डबे २००४ मध्ये एका खोलीत फळ्यांवर आढळले. २०१४ मध्ये त्यांचे स्मारक झाले. रक्षा आता चिनी मातीच्या कलशांत आहे, आणि रिकामे तांब्याचे डबे भिंतीच्या काचेआड मांडलेले आहेत. ओलाव्याने प्रत्येक डब्यावर वेगळा रंग चढला आहे, कुठे हिरवा, कुठे निळा, कुठे जळक्या विटेसारखा. नावांची यादी प्रसिद्ध केल्यापासून वंशज येतात आणि आपापला कलश घेऊन जातात.

मामेबहीण तिथे फार वेळ थांबली नाही. तिच्या घरातही फळीवर एक डबा होता आणि तो नेण्यासाठी मी आलो होतो. आपण उन्हाळ्यापासून ऑक्टोबरपर्यंत वेळ लावला, असे ती गाडीत बसल्यावर म्हणाली. त्यावर मी काही बोललो नाही.

परतताना ऑरोरा या टुमदार गावात तासभर थांबलो. विल्यम किल या जर्मन धर्मोपदेशकाने १८५६ मध्ये ही सामुदायिक वसाहत स्थापली आणि तिला आपल्या मुलीचे नाव दिले. मालमत्ता सामाईक, स्वयंपाकाची ख्याती दूरवर, आणि गावाचा स्वतःचा वाद्यवृंद. १८६२ च्या देवीच्या साथीत किल यांची चार मुले गेली, त्यांत ऑरोराही होती. किल १८७७ मध्ये वारल्यावर काही वर्षांत जमिनीची वाटणी होऊन वसाहत विसर्जित झाली. सामाईक खाते फोडताना होणाऱ्या सगळ्या कटकटी तिथेही झाल्याच असतील. किल यांचा थोरला मुलगा विली मात्र इथे नाही, आणि त्याच्यासाठी चौथा दिवस राखून ठेवला होता.

चौथा दिवस : विलापा खोरे

विलीचे थडगे वॉशिंग्टन राज्याच्या नैर्ऋत्य भागात, रेमंड आणि मेन्लो या गावांच्या दरम्यान, सहा क्रमांकाच्या महामार्गालगत आहे. बीव्हर्टनहून अडीच तास लागतात. या दिवशी मामीही आल्या. घरात बसून पत्राची वाट पाहण्यापेक्षा बरे, असे त्या म्हणाल्या. कोलंबिया नदी ओलांडल्यावर पाऊस सुरू झाला, तो दिवसभर थांबला नाही.

वाटेत मी त्यांना विलीची गोष्ट सांगितली. १८५५ मध्ये किल यांचा समुदाय मिसुरीतल्या बेथेल गावाहून पश्चिमेकडे निघण्याच्या तयारीत होता. एकोणीस वर्षांच्या विलीला बापाने शब्द दिला होता की तांड्याच्या पुढच्या गाडीचा मान तुझा. निघण्याला थोडे दिवस उरले असताना तो हिवतापाने गेला. बापाने शब्द मोडला नाही. शवपेटीला आतून शिशाचा पत्रा मारला, देह टिकावा म्हणून ती व्हिस्कीने भरली, गाडीचे शववाहन केले आणि ते तांड्याच्या अग्रभागी ठेवले. बैलांच्या चालीने, मैदाने, पर्वत आणि नद्या ओलांडत, जर्मन भजने गात तो तांडा पुढे जात राहिला. त्या वर्षी वाटेवर युद्धाचे वातावरण होते, तरी या विचित्र मिरवणुकीला कोणी अडवले नाही. वाटेवर मेलेल्यांना इतर तांडे रस्त्यातच पुरत आणि कोल्ह्यांनी उकरू नये म्हणून वरून गाड्यांची चाके फिरवून खूण पुसून टाकीत. त्या वाटेवर हजारो माणसे अशी गाडली गेली असता, हा एक मुलगा घरून मेलेला निघाला आणि मुक्कामी पोहोचला. २६ डिसेंबर १८५५ रोजी त्याला विलापा खोऱ्यातल्या एका टेकाडावर पुरण्यात आले.

आणि मग बाप तिथे राहिलाच नाही. दाट अरण्य, न थांबणारा पाऊस आणि माल विकायला बाजारपेठ नाही, असे पाहून किल यांनी समुदायाला दक्षिणेकडे विलामेटच्या खोऱ्यात नेले आणि ऑरोरा वसवली. एवढ्या लांबून आणलेला मुलगा मागे राहिला.

रस्त्याच्या कडेला राज्य सरकारचा माहितीफलक आणि गाडी थांबवण्यापुरती जागा आहे. थडगे वरच्या टेकाडावर, झाडांच्या घोळक्यात आहे, आणि आम्ही ते खालूनच पाहिले. पाहण्यासारखे खरोखर फार काही नव्हते: ओले गवत, कुंपण, मागे धुक्यात बुडालेले डोंगर. मामींनी छत्री न उघडता फलकाजवळ उभे राहून तो मजकूर मामेबहिणीकडून पुन्हा एकदा मराठीत करून घेतला. मग टेकाडाकडे पाहून हात जोडले.

परतीच्या वाटेवर चेहेलिसजवळ आलो तेव्हा मामेबहिणीच्या फोनवर निरोप आला की पत्र तयार आहे. मी विमानाच्या सामानाचा हिशेब मांडू लागलो. मोठ्या बॅगेत कपड्यांच्या घडीत डबा सुरक्षित राहील, असे काहीसे बोललो. मामी मागच्या आसनावरून म्हणाल्या, "त्याने पोराला पुढच्या गाडीत ठेवले होते ना? मग तूही यांना बॅगेत कोंबू नकोस. मांडीवर घेऊन बस."